हेरपट बघा, पण ‘हेर’ कुणाला म्हणता ते जपून

नवा हेरपट लागला की आमच्या तालुक्याच्या गावात दोन गोष्टी हमखास होतात. पहिली म्हणजे थिएटरबाहेर पोरं गॉगल लावून सेल्फी काढतात. त्याला माझी काही हरकत नाही. दुसरी म्हणजे पुढचे पंधरा दिवस व्हॉट्सॲप ग्रुपवर जो तो समोरच्याला ‘एजंट’ ठरवत सुटतो. याला मात्र माझी सक्त हरकत आहे, आणि आजची पोस्ट त्यासाठीच आहे. लांबलचक आहे. चहा घेऊन बसा.

हेरपटांचं खरं पीक आलं ते शीतयुद्धात. ‘डॉक्टर नो’ हा बाँडपट १९६२ चा. त्याच वर्षी फेब्रुवारीत बर्लिनला लागून असलेल्या ग्लिनिके पुलावर अमेरिका आणि सोव्हिएत युनियननं खरोखरच माणसांची अदलाबदल केली. रुडॉल्फ आबेल तिकडे गेला, पाडलेल्या यू-टू विमानाचा पायलट गॅरी पॉवर्स इकडे आला. पडदा आणि वास्तव एकाच वर्षात शेजारी शेजारी. म्हणून सिनेमा आपल्याला काय शिकवतो आणि प्रत्यक्षात काय घडत होतं, हे तपासायला सोव्हिएत काळासारखा काळ नाही. त्या काळातली बरीच दप्तरं आता उघडी झाली आहेत. बघू या.

सिनेमा शिकवतो ती पहिली गोष्ट: गद्दार ओळखता येतो. त्याचा चेहरा वेगळा, भाषा वेगळी, तो बाहेरून येतो.

आता खरी माणसं बघा. किम फिल्बी. केंब्रिजला शिकलेला, उत्तम घराण्यातला, चारचौघांत लोकप्रिय. १९४४ साली ब्रिटिश गुप्तहेर खात्यानं सोव्हिएतविरोधी विभाग काढला आणि त्याचा प्रमुख म्हणून नेमलं ते या फिल्बीलाच, जो दहा वर्षांपासून मॉस्कोचा माणूस होता. मांजरीलाच दुधाची राखण! पुढे संशय आला, तरी १९५५ मध्ये परराष्ट्रमंत्री मॅकमिलन यांनी भर संसदेत त्याची पाठराखण केली. जानेवारी १९६३ मध्ये तो बैरूतहून मॉस्कोला पळाला, तेव्हा कुठे सगळ्यांचे डोळे उघडले. सोव्हिएत सरकारनं नंतर त्याच्या नावाचं टपाल तिकीटही काढलं.

अमेरिकेची कथा याहून भारी. आल्ड्रिच एम्स हा सीआयएचा अधिकारी. काम काय, तर सोव्हिएत हेरांपासून आपलं खातं सांभाळणं. एप्रिल १९८५ मध्ये हा गडी वॉशिंग्टनच्या सोव्हिएत वकिलातीत स्वतःच्या पायानं चालत गेला आणि माहिती विकायला लागला. कुठली विचारधारा नाही, कुठला ब्लॅकमेल नाही. घटस्फोट झाला होता, कर्ज झालं होतं, पैसे हवे होते. त्यानं दिलेल्या नावांपैकी किमान दहा माणसांना सोव्हिएत सरकारनं ठार मारलं. सरकारी पगारावर यानं ५,४०,००० डॉलर्सचं घर रोखीत घेतलं, जॅग्वार गाडी ऑफिसात मिरवली. दोनदा लाय डिटेक्टर चाचणी झाली, दोन्ही वेळा पास. पकडला गेला फेब्रुवारी १९९४ मध्ये, म्हणजे जवळपास नऊ वर्षांनी. तोवर सोव्हिएत युनियनच नकाशावरून पुसला गेला होता!

एफबीआयचा रॉबर्ट हॅन्सन तर वीस वर्षांहून जास्त काळ टिकला. देवभक्त, कुटुंबवत्सल, कम्युनिस्टांना उठता बसता शिव्या घालणारा. मधल्या काळात ‘आपल्या खात्यात फितूर कोण आहे ते शोध’ हे काम खात्यानं त्याच्यावरच सोपवलं होतं.

म्हणजे काय? तर घात करणारे बाहेरचे नव्हते. ते शेजारच्या टेबलावर बसत होते आणि त्यांच्या देशनिष्ठेवर कुणाला शंका येत नव्हती. जो सगळ्यात मोठ्यानं शत्रूला शिव्या देतो तोच सगळ्यात निष्ठावान, ही आपली समजूत हॅन्सननं किती छान वापरून घेतली बघा.

आपल्याकडचंही एक उदाहरण त्याच काळातलं. जानेवारी १९८५, दिल्ली. कुमार नारायण नावाचा एक मध्यस्थ पंतप्रधान कार्यालयातल्या कर्मचाऱ्यांकडून गोपनीय कागद काढून घेत होता आणि त्याच्या झेरॉक्स परदेशी वकिलातींना पुरवत होता. फ्रान्स, पोलंड, पूर्व जर्मनी अशी नावं त्यात आली. कर्मचाऱ्यांना मिळत काय होतं? पैसे आणि विलायती दारूच्या बाटल्या. कुठली मदनिका नाही, कुठला हेलिकॉप्टर पाठलाग नाही. फाईल, झेरॉक्स मशीन आणि बाटली. पंतप्रधानांचे प्रधान सचिव पी. सी. अलेक्झांडर यांच्यावर स्वतःवर काही आरोप नव्हता, तरी आपल्या कार्यालयातली माणसं गुंतली म्हणून त्यांनी राजीनामा दिला. हेच अलेक्झांडर पुढे आपल्या महाराष्ट्राचे राज्यपाल होते. ज्यांनी कधी सरकारी कचेरीत एका सहीसाठी चकरा मारल्या आहेत, त्यांना हा हेरपट लगेच कळेल. पण यावर तीनशे कोटींचा सिनेमा निघत नाही. झेरॉक्स मशीनला स्लो मोशनमध्ये चालवून काय दाखवणार?

सिनेमा शिकवतो ती दुसरी गोष्ट: हेरानं जिवावर उदार होऊन बातमी आणली की देश वाचतो.

रिचर्ड झोर्गे आठवा. टोकियोत जर्मन पत्रकार म्हणून वावरणारा सोव्हिएत हेर, थेट जर्मन वकिलातीत ऊठबस. १९४१ मध्ये त्यानं मॉस्कोला कळवलं की हिटलर हल्ला करणार आहे. इतर ठिकाणांहूनही तशाच खबरा येत होत्या. स्टालिननं काय केलं? विश्वास ठेवला नाही. जर्मन हवाई मंत्रालयातून आलेल्या अशाच एका अहवालावर तर त्यानं स्वतःच्या हातानं शिवी लिहून तो परत पाठवला. पाचच दिवसांनी, २२ जूनला हल्ला झाला. साहेबाला जे ऐकायचं नाही ते सांगणाऱ्याची किंमत शून्य, मग तो टोकियोत असो की आपल्या जिल्ह्याच्या ठिकाणी.

झोर्गेला जपान्यांनी पकडलं आणि १९४४ मध्ये फाशी दिली. तोपर्यंत त्याच्या बायकोचं काय झालं ते कुठल्या हेरपटात मिळणार नाही. कात्या माक्सिमोवा मॉस्कोत होती. नवरा ज्या देशासाठी हेरगिरी करत होता, त्याच देशाच्या पोलिसांनी १९४२ मध्ये हेरगिरीच्या संशयावरून तिला उचललं, सैबेरियात हद्दपार केलं. १९४३ मध्ये ती तिथेच गेली. झोर्गेला ‘सोव्हिएत संघाचा वीर’ ही पदवी मिळाली १९६४ मध्ये, मेल्यानंतर वीस वर्षांनी. त्याच्यावर निघालेला एक फ्रेंच सिनेमा ख्रुश्चेव्हनं पाहिला आणि मग चौकशी केली, असं सांगतात. म्हणजे सरकारला स्वतःचा हेरसुद्धा सिनेमातून कळला!

आता तिसरी गोष्ट. हीच मला सगळ्यात जास्त बोचते.

सोव्हिएत युनियनमध्ये ‘हेर’ हा शब्द सगळ्यात जास्त वापरला गेला तो परदेशी हेरांसाठी नाही, स्वतःच्या नागरिकांसाठी. १९३७ आणि १९३८ या दोनच वर्षांत, त्यांच्याच दप्तरातल्या आकड्यानुसार, राजकीय आरोपांखाली ६,८१,६९२ माणसांना गोळ्या घातल्या गेल्या. ‘पोलिश हेर’ शोधण्याची एक मोहीम ऑगस्ट १९३७ मध्ये निघाली. आदेश क्रमांक ००४८५. त्या एका मोहिमेत १,११,०९१ जण मारले गेले. पोलिश आडनाव असणं, पोलंडमध्ये नातेवाईक असणं, एवढं पुरत होतं. मोठा सेनानी तुखाचेव्हस्की ‘जर्मन हेर’. नाटकाचा दिग्दर्शक मेयरहोल्ड ‘जपानी आणि ब्रिटिश हेर’. लेखक बाबेल ‘फ्रेंच हेर’. सगळ्यांना गोळ्या, आणि सगळे नंतर निर्दोष जाहीर. सरोजिनी नायडूंचे सख्खे भाऊ वीरेंद्रनाथ चट्टोपाध्याय, इंग्रजांशी लढता लढता रशियात जाऊन राहिलेले, तेही १९३७ च्या याच लाटेत गोळी खाऊन गेले.

यातला सगळ्यात क्रूर विनोद पुढचा आहे. त्या काळात एका बाईला गोळ्या घालण्यात आल्या आणि तिच्या नवऱ्याला छावणीत टाकलं. त्यांची लहान मुलगी अनाथालयात वाढली. मोठी झाल्यावर तिनं मॉस्कोतल्या एका रडार इंजिनियरशी लग्न केलं. त्याचं नाव अडोल्फ तोल्काचेव्ह. बायकोच्या आईबापाचं काय झालं हे याच्या मनातून कधी गेलं नाही. १९७७ मध्ये हा माणूस पेट्रोल पंपावर एका अमेरिकन अधिकाऱ्याच्या गाडीत चिठ्ठी टाकून आला. सीआयएनं आधी त्याला वारंवार टाळलं. पुढे मात्र कित्येक वर्षं तो जेवणाच्या सुट्टीत रडारचे कागद घरी न्यायचा, खुर्चीला कॅमेरा बांधून फोटो काढायचा आणि कागद परत जागेवर ठेवायचा. सोव्हिएत लढाऊ विमानांच्या रडारची गुपितं अशी बाहेर गेली. पैसे त्यानं मागितलेच, पण मुलासाठी रॉक संगीताच्या रेकॉर्डसुद्धा मागितल्या. १९८५ मध्ये पकडला गेला, १९८६ मध्ये मारला गेला.

नीट वाचा. खोट्या हेरांची शिकार केली आणि तिनं चाळीस वर्षांनी खरा हेर जन्माला घातला. निरपराध माणसावर शिक्का मारला की देश सुरक्षित होत नाही, त्या शिक्क्याचं व्याज कुठल्या तरी पिढीत वसूल होतं.

“अहो पण सिनेमा म्हणजे करमणूक, त्यात एवढं काय डोकं लावता?” हा कमेंट येणार, माहीत आहे. उत्तर देतो. तुम्ही करमणूक म्हणता, पण ज्यांच्या हातात सत्ता होती त्यांनी कधीच ती करमणूक मानली नाही.

ऑगस्ट १९७३. सोव्हिएत टीव्हीवर ‘वसंताचे सतरा क्षण’ ही बारा भागांची मालिका लागली. नायक स्टिर्लिट्झ, हिटलरच्या बर्लिनमध्ये नाझी अधिकारी बनून राहिलेला सोव्हिएत हेर. बाँडसारखा उड्या मारत नाही. शांत, अभ्यासू, घरच्या आठवणीनं व्याकूळ होणारा. मालिका उत्तम आहे, मी ते नाकारत नाही. लागली की रस्ते ओस पडायचे. पण तिच्यामागे केजीबीचा हात होता. केजीबीचा उपप्रमुख त्स्विगुन सल्लागार होता, श्रेयनामावलीत वेगळ्या नावानं. प्रमुख आंद्रोपॉव्हला केजीबीचा चेहरा धुऊन हवा होता, आणि तो मिळाला.

त्याच ऑगस्ट महिन्यात लेनिनग्राडमध्ये काय चाललं होतं? येलिझावेता व्होरोन्यान्स्काया ही वयस्कर बाई सोल्झेनित्सिनची हस्तलिखितं टाईप करून द्यायची. केजीबीनं तिला उचललं, पाच दिवस चौकशी केली. ‘गुलाग आर्किपेलागो’ची प्रत कुठे लपवली आहे ते तिच्याकडून काढून घेतलं आणि सोडून दिलं. त्यानंतर ती घरात गळफास घेतलेल्या अवस्थेत सापडली. बातमी कळल्यावर सोल्झेनित्सिननं पुस्तक पॅरिसमध्ये छापायला सांगितलं, आणि फेब्रुवारी १९७४ मध्ये त्याला देशाबाहेर काढलं.

एकच महिना, एकच खातं. पडद्यावर देशासाठी जीव धोक्यात घालणारा देखणा अधिकारी, आणि पडद्यामागे एका टाईप करणाऱ्या म्हातारीच्या दारात उभे असलेले खरे अधिकारी. लोकांना यातलं कुठलं दिसलं? यालाच तुम्ही करमणूक म्हणता का? आणि हो, १९६८ च्या ‘ढाल आणि तलवार’सारख्या हेरपटांच्या प्रभावामुळे आपण केजीबीकडे ओढले गेलो, हे पुतीन यांनी स्वतःच सांगितलं आहे. तो पोरगा आज काय करतोय ते सगळं जग बघतंय.

पत्रकारांना तर या शब्दाची किंमत चांगलीच माहीत आहे. १९८६ मध्ये अमेरिकेनं एक सोव्हिएत माणूस पकडला, लगेच मॉस्कोनं निकोलस डॅनिलॉफ या अमेरिकन बातमीदाराला हेर म्हणून आत टाकलं आणि मग सौदा केला. २०२३ मध्ये इव्हान गेर्शकोविचच्या बाबतीत तीच पटकथा पुन्हा चालली.

आपणही स्वच्छ नाही. इस्रोचे नंबी नारायणन १९९४ मध्ये पकडले गेले. आरोप काय, तर क्रायोजेनिक इंजिनाची गुपितं परक्यांना विकली. जे इंजिन आपल्याकडे अजून तयारच नव्हतं आणि ज्याच्यासाठी आपण रशियाकडे हात पसरले होते, त्याची गुपितं! वर मालदीवच्या बायकांची मसालेदार कहाणी. हेरपटच होता तो, आणि माझ्या धंद्यातल्या लोकांनी तो पहिल्या पानावर चालवला. १९९६ मध्ये सीबीआयनं प्रकरण खोटं असल्याचं सांगितलं. सर्वोच्च न्यायालयानं पन्नास लाख रुपये भरपाई द्यायला लावली ती २०१८ मध्ये. चोवीस वर्षं!

आता आपल्या गावाकडे येतो. नळपाणी योजनेच्या बिलांची माहिती मागून मी बातमी केली, तर तिसऱ्या दिवशी ग्रुपवर मेसेज फिरला, “हा नक्की कुणाचा एजंट आहे?” बिलांवर एका शब्दाचा खुलासा नाही. मला राग नाही आला, कीव आली. कारण ‘एजंट’ म्हटलं की हिशोब द्यावा लागत नाही, ही युक्ती स्टालिनच्या काळापासून चालत आली आहे. शेतमालाच्या भावासाठी बसलेला शेतकरी असो, मानधनासाठी मोर्चा काढणारी अंगणवाडी ताई असो, शिक्का एकच.

म्हणून एवढंच मागणं आहे. हेरपट जरूर बघा, शिट्ट्या मारा. पण बाहेर आल्यावर कुणाला हेर, एजंट, गद्दार म्हणण्याआधी विचारा: पुरावा काय? आरोप करणाऱ्याचा यात फायदा काय? आणि त्या गोंधळात कुठली फाईल टेबलाखाली सरकवली जातेय? खरा फितूर तुमच्या शिव्यांना घाबरत नाही. तो तुमच्याच ग्रुपमध्ये असतो आणि सगळ्यात आधी झेंड्याचा इमोजी टाकतो.

पटलं तर पुढे पाठवा. नाही पटलं तर कमेंटमध्ये खुशाल भांडा. फक्त पुरावा घेऊन या.