दिवा, वारा आणि मांजर

कुठल्याही ऑफिसच्या कँटीनमध्ये महिन्यातून एकदा तरी हा डायलॉग ऐकू येतोच. अप्रेझलचं लेटर हातात पडलेलं असतं किंवा शुक्रवारी संध्याकाळी सहाला क्लायंटने 'एक छोटासा चेंज' पाठवलेला असतो, आणि कुणीतरी चहाचा कप आपटून म्हणतं, "सोडून द्यावं यार सगळं! लांब कुठल्या तरी बेटावर जावं आणि दीपगृह सांभाळत बसावं." बाकीचे माना डोलावतात. बॉस नाही, ट्रॅफिक नाही, फोनला रेंज नाही. समोर समुद्र, हातात पुस्तक आणि पायाशी एक गुबगुबीत मांजर.

या स्वप्नातल्या बाकी कशालाच माझी हरकत नाही. आजचा कॉलम फक्त त्या मांजराबद्दल.

न्यूझीलंडची दोन मोठी बेटं आहेत हे क्रिकेटमुळे आपल्याला माहीत असतं. त्या दोघांच्या मधल्या समुद्राला कुक सामुद्रधुनी म्हणतात. तिच्या पश्चिम तोंडाशी स्टीफन्स नावाचं एक चिमुकलं बेट आहे. माओरी भाषेत ताकापोरेवा. क्षेत्रफळ साधारण १५० हेक्टर, म्हणजे डझनभर शिवाजी पार्क शेजारी शेजारी ठेवली तर होईल तेवढं. पण सपाट अजिबात नाही. समुद्रातून थेट कडे उभे राहतात आणि माथा २८३ मीटरवर जातो.

आणि वारा! ही जागा दक्षिणेच्या चाळिसाव्या अक्षांशाच्या जरा खाली येते. शिडाच्या जहाजांच्या काळात खलाशांनी या पट्ट्याला 'रोअरिंग फोर्टीज' असं नाव दिलं, कारण इथे पश्चिमेचा वारा अडवायला जमीनच फारशी नाही. तो समुद्रावरून मोकाट येतो आणि न्यूझीलंडच्या डोंगररांगांवर आपटतो. त्या रांगांमध्ये मोठी फट एकच, कुक सामुद्रधुनी. चाळीतल्या बोळातून वारा कसा सुसाटत येतो, तसाच प्रकार, फक्त दोन बेटांच्या स्केलवर. इथली झाडं वाऱ्याच्या दिशेने केस विंचरल्यासारखी वाकलेली. चारी बाजूंनी समुद्र असल्यामुळे कडाक्याची थंडी नाही, तसा उकाडाही नाही. हा गारवा लक्षात ठेवा, पुढे तो महत्त्वाचा आहे.

असा वारा आणि असे कडे म्हटल्यावर जहाजांसाठी दिवा हवाच. २९ जानेवारी १८९४ ला इथलं दीपगृह पहिल्यांदा लागलं. समुद्रापासून दिव्याची उंची १८३ मीटर. रखवालदार आले, बायकामुलं आली, दुधाला गाई आणि मटणाला मेंढ्या आल्या. चरायला कुरण हवं म्हणून जंगल तोडलं गेलं. आणि कुणाच्या तरी सामानाबरोबर मांजरही आलं.

डेव्हिड लायल नावाचा एक असिस्टंट रखवालदार होता. त्याला पक्ष्यांची आवड. मांजर काहीतरी मारून आणायचं, त्यात त्याला एक वेगळाच पक्षी दिसला. चिमणीएवढा, तपकिरी, शेपूट जवळजवळ नाहीच. पंख इतके आखूड की उडता येत नव्हतं. लायलला तो जिवंत असा फक्त दोनदा दिसला. दगडांतून उंदरासारखा तुरुतुरु पळत होता.

इथून पुढची गोष्ट ऑफिसात काम करणाऱ्या कुणालाही ओळखीची वाटेल. लायलने एक नमुना पाठवला, तो पोचला वॉल्टर बुलर या न्यूझीलंडच्या नामांकित पक्षीतज्ज्ञाकडे. बुलरने ओळखलं की ही नवीच जात आहे, आणि लंडनला शोधनिबंध पाठवला. इकडे हेन्री ट्रॅव्हर्स नावाच्या नमुन्यांच्या व्यापाऱ्याला वास लागला. त्याने नऊ नमुने मिळवून थेट वॉल्टर रॉथशिल्डला विकले. हा इंग्लंडमधल्या बँकर घराण्यातला, पैसा बक्कळ आणि पक्षी जमवायचा नाद भारी. डिसेंबर १८९४ मध्ये लंडनच्या पक्षीतज्ज्ञांच्या क्लबात रॉथशिल्डने पहिल्यांदा वर्णन मांडलं आणि नाव दिलं 'ट्रॅव्हर्सिया लायली'. बुलर हात चोळत बसला. प्रेझेंटेशन एकाचं, क्रेडिट दुसऱ्याला. इंक्रीमेंटचं टेन्शन तेव्हाही असणार.

हे श्रेयाचं भांडण रंगलं होतं, तेव्हा बेटावर काय चाललं होतं? पक्षी संपत होता. १८९५ उजाडला तोपर्यंत तो जवळजवळ गेलाच होता. आज जगभरच्या म्युझियममध्ये मिळून त्याचे जेमतेम पंधराएक नमुने आहेत. बाकी काही नाही. आवाज कसा होता, घरटं कसं बांधायचा, अंडी किती घालायचा, यातलं कुणीच काही नोंदवून ठेवलं नाही.

'एकट्या मांजराने संपवलेली अख्खी जात' म्हणून ही गोष्ट जगभर सांगितली जाते. मांजरीचं नावसुद्धा सांगतात, टिबल्स. ऐकायला भन्नाट. पण २००४ मध्ये गॅलब्रेथ आणि ब्राउन या दोघांनी जुनी पत्रं आणि नोंदी चाळून काढल्या, तेव्हा चित्र वेगळं निघालं. मांजर एक नव्हतंच. आलेल्या मांजरांची पिल्लं रानात पसरली होती. १८९९ मध्ये तिथल्या रखवालदाराने शंभरावर रानमांजरं गोळ्या घालून मारली, तरी बेट पूर्ण मांजरमुक्त व्हायला १९२५ उजाडलं.

आणखी एक गोष्ट. हा पक्षी फक्त याच बेटाचा नव्हता. त्याची हाडं न्यूझीलंडच्या दोन्ही मोठ्या बेटांवर सापडतात. माणसांच्या पहिल्या होड्यांबरोबर सातशेएक वर्षांपूर्वी तिथे उंदीर आले आणि तिथला पक्षी गेला. स्टीफन्सवर उंदीर कधी पोचलेच नाहीत, म्हणून तो तिथे तगून होता. म्हणजे ते त्याचं शेवटचं घर होतं. अशा घरात मांजर नेणाऱ्याच्या मनात पाप नसणार. मला विचाराल तर या गोष्टीतली खरी भीती वाटण्यासारखी बाब हीच आहे. खलनायक कुणी नाही. बायको-मुलांना सोबत हवी म्हणून आणलेलं एक मांजर, बस.

उंदीर नसल्याचा फायदा अजूनही काही जणांना मिळतोय. सगळ्यात मोठा लाभार्थी म्हणजे तुआतारा. दिसतो सरड्यासारखा, हातभर लांब, पाठीवर काट्यांची झालर. पण सरडा म्हणू नका. साप-सरड्यांपासून याची फांदी साधारण २५ कोटी वर्षांपूर्वी वेगळी झाली आणि त्या फांदीवरचा हा आज उरलेला एकमेव प्राणी. पिल्लाच्या कपाळावर तिसरा डोळा दिसतो, पुढे तो खवल्यांखाली झाकला जातो. जगातली त्याची सगळ्यात मोठी वस्ती याच बेटावर आहे, ३० ते ५० हजार. सगळं काम सावकाश. पस्तिशीपर्यंत वाढच चालू असते, शंभरीही गाठू शकतो. मूळचा इथलाच हेन्री नावाचा एक तुआतारा इन्व्हरकार्गिलच्या म्युझियममध्ये होता. तो २००९ मध्ये वयाच्या साधारण १११ व्या वर्षी बाप झाला, तोही अकरा पिल्लांचा! 'अजून सेटल नाही झालास?' विचारणाऱ्या मावशीला हा किस्सा जरूर ऐकवा.

तुआताराचे रूममेट आहेत फेअरी प्रायन. राखाडी-निळे, लहानसे समुद्रपक्षी. दिवसा समुद्रावर आणि रात्री लाखोंच्या संख्येने बेटावर. जमिनीत बीळ करून एकच अंडं घालतात. त्या बिळात तुआताराही राहतो. पक्ष्यांच्या विष्ठेवर माती पोसते, मातीवर किडे आणि किड्यांवर तुआतारा. अधूनमधून तो रूममेटचं अंडं किंवा पिल्लूही खातो. फ्लॅट शेअरिंगच्या आपल्या तक्रारी यापुढे किरकोळ आहेत.

माथ्याजवळच्या दगडांच्या ढिगात हॅमिल्टनचा बेडूक राहतो. याला डबकं लागत नाही. अंड्यातून बेडकोबाच बाहेर येतो आणि अंड्यांची राखण बाप करतो. संख्या फक्त काही शे. तुआताराने खाऊ नये म्हणून त्या ढिगाला कुंपण घातलंय. एका दुर्मीळ प्राण्यापासून दुसऱ्या दुर्मीळ प्राण्याला वाचवायचं, असा तिथला रोजचा हिशेब.

आता तो गारवा. तुआताराच्या अंड्यातून नर येणार की मादी, हे मातीचं तापमान ठरवतं. साधारण २२ अंशांच्या खाली माद्या, वर नर. अंडं उबायला वर्षभर लागतं आणि मादी काही वर्षांतून एकदाच अंडी घालते. कुक सामुद्रधुनीतच नॉर्थ ब्रदर नावाचं दुसरं दीपगृहवालं बेट आहे, जेमतेम चार हेक्टर. तिथे आताच नर जास्त आहेत. २००८ च्या एका अभ्यासाचा अंदाज असा, की तापमान असंच वाढत राहिलं तर २०८० च्या दशकाच्या मध्यापर्यंत तिथे जन्मणारं प्रत्येक पिल्लू नर असेल. उन्हाळ्यात एक-दोन अंश वाढले तर आपण एसीचा रिमोट शोधतो. इथे तेवढ्यावर एका जातीचा हिशेब फिरतो.

स्टीफन्सवर गंमत अशी, की रखवालदारांनी मेंढ्यांसाठी मोकळी केलेली कुरणंच तुआताराच्या माद्यांना अंडी घालायला आवडतात. तिथे ऊन मिळतं. आज उपयोगी पडणारं ते ऊन उद्या जास्त झालं तर? म्हणून सगळी अंडी एकाच टोपलीत न ठेवण्याचं काम सुरू आहे. २००५ मध्ये ७० आणि २००७ मध्ये १३० तुआतारा वेलिंग्टनच्या कुंपण घातलेल्या अभयारण्यात नेले. २०१२ मध्ये काही आणखी दक्षिणेला, थंड अशा डनीडिनजवळ हलवले.

दीपगृहाचं म्हणाल, तर १९८९ मध्ये ते ऑटोमॅटिक झालं आणि शेवटचे रखवालदार निघून गेले. तेव्हा त्या नोकरीसाठी सीव्ही पाठवू नका, पोस्टच रद्द झालीये. आता बेटावर परवानगीशिवाय उतरता येत नाही. संशोधक असो नाहीतर रेंजर, आधी बॅगा रिकाम्या करायच्या. बुटाचा तळवा, मोज्याची शिवण, जॅकेटचे खिसे, सगळं तपासायचं. एखादं बी चिकटलंय का, एखादी मुंगी लपलीये का, सामानात उंदीर तर नाही ना, हे बघायचं. मगच होडीत पाय.

१८९४ मध्ये कुणी असं बॅग उघडायला सांगितलं असतं, तर सगळे हसले असते. पुढच्या ट्रिपला निघताना बूट झटकायला विसरू नका. बेट असो नाहीतर कासचं पठार!