एकाच फाइलीत मराठी आणि उर्दू

‘तुम्ही मुस्लिम असून इतकं छान मराठी लिहिता?’ हा प्रश्न मला आजही येतो. तेव्हा धारूरचं डीटीपीचं दुकान आठवतं. लग्नपत्रिकेचा मराठी मजकूर एका सॉफ्टवेअरवर जुळवायचा, उर्दू दुसऱ्यावर, आणि दोन्ही प्रिंट कापून एका कागदावर चिकटवायच्या.

मग विंडोज एक्सपी आलं. सुरुवातीला त्यावर मराठी जोडाक्षरं सुटी पडायची, वेलांटी भलतीकडे जायची. भाषांच्या सेटिंगमध्ये एका चौकटीत खूण केली, सीडी घातली, संगणक पुन्हा सुरू केला, मराठी जुळली. गंमत म्हणजे त्याच खुणेनं उर्दूही उजवीकडून डावीकडे, अक्षराला अक्षर जोडून उमटू लागली.

दोन्हींची जुळणी यूएसपी१०.डीएलएल ही फाइल करत होती. डीएलएल म्हणजे अनेक सॉफ्टवेअरनी मिळून वापरायची फाइल. प्रत्येकानं तेच काम नव्यानं लिहायला नको. आज अँड्रॉइड फोनवर हे काम हार्फबझ करते. हे नाव फारसीतलं: हर्फ म्हणजे अक्षर, बाज म्हणजे खुलं.

या फाइलींनी दोन लिप्यांचे नियम एकमेकांत मिसळले नाहीत. वेलांटी वेलांटीच्या जागी, नुक्ता नुक्त्याच्या जागी. तरी घर एकच.

धारूरच्या शाळेत मी बाराखडी गिरवली. मराठी मी कुणाकडून उसनी आणलेली नाही, आणि उर्दूही त्यासाठी सोडलेली नाही. पुढच्या वेळी ‘कसं लिहिता?’ विचारण्याऐवजी ‘काय लिहिलंय?’ असं विचारा.