पाकीट राहू द्या, पंगतीला बसा

मलकापुरातल्या आमच्या पोरांत एक वाद चाललाय. लग्नाच्या रिसेप्शनला जेवण घालायचं की नाही? शिकलेले म्हणतात, अजिबात नको. रजिस्टर सही करा, बुद्ध-बाबासाहेबांच्या प्रतिमेला हार घाला, चहा-पेढा द्या, मोकळे व्हा. म्हातारी माणसं म्हणतात, दारातला माणूस उपाशी गेला तर लगीन कसलं ते?

दोस्तांनो, दोघंही खरं बोलतात. पण दोघंही एक सवाल गिळून बसलेत. आपल्या मांडवात जेवायला बसतो कोण, आणि न जेवता सटकतो कोण?

गावकीच्या लग्नात आमचा बाप काय करत होता? लाकडं फोडत होता. मांग हलगी बडवत होता. वऱ्हाड जेवून ढेकर देऊन उठलं की पत्रावळीवरचं उष्टं आमच्या पाटीत पडायचं. त्याला हक्क म्हणायचे साले! 1927 च्या मार्चात महाडला बाबासाहेबांनी बजावलं, मेलेली ढोरं ओढू नका, उष्टे तुकडे मागू नका. चवदार तळ्याच्या पाण्याइतकीच ही अन्नाची लढाई होती. म्हणून आपल्या पैशानं, आपल्या चुलीवर शिजवून, आपल्या हातानं चारचौघांना वाढणं ही आमच्या आज्जीला चैन वाटत नाही. तिच्या लेखी ती क्रांतीच हाय. तिला 'अनाठायी खर्च' असं लेक्चर देताना जरा जपून.

आता दुसरी बाजू. जोतीरावांचं मूळ गाव कटगुण, आपल्याच सातारा जिल्ह्यातलं. त्यांनी 25 डिसेंबर 1873 ला पहिलं सत्यशोधक लग्न लावलं. भट नाही, मिरवणूक नाही. खर्च पानसुपारीपुरता. पुढं 1942 च्या चळवळीतनं नाना पाटलांचं प्रतिसरकार उभं राहिलं, त्यानं ह्याच सातारा-सांगलीच्या खेड्यांत 'गांधी लग्नं' लावली. बँड नाही, हुंडा नाही, कर्ज नाही. म्हणजे साधं लग्न ही काय पुण्या-मुंबईच्या बुद्धिवाद्यांनी आणलेली फॅशन नव्हे. ती ह्या मातीतली रीत हाय. आणि ती मोडली कुणी? सावकारानं, डीजेवाल्यानं, आणि आपल्या खोट्या इज्जतीनं.

हायवेलगतच्या मंगल कार्यालयांत डोकावून बघा. समजा ताटाला 200 रुपये धरले आणि 800 माणसं जेवली, तर 1,60,000 रुपये नुसते घशाखाली गेले. हॉल वेगळा, स्टेज वेगळं, ड्रोनवाला वेगळा. हे पैसे आणायचे कुठनं? पोरीचा बाप गवंड्याच्या हाताखाली, आई दुसऱ्याच्या भांगलणीला. मग फायनान्सवाल्याचा आठवड्याचा हप्ता सुरू. लग्नातलं पनीर दोन तासांत पचतं, हप्ता दोन-तीन वर्षं पचत नाही. 2021 च्या एप्रिलात कोरोनात सरकारनं लग्नाला 25 माणसं आणि दोन तास एवढीच मुभा दिली होती. त्या लग्नांतली नवरा-बायको काय कमी नवरा-बायको हायेत? संसार त्यांचेही चाललेत, आणि डोक्यावर केटररचं बिल नाही.

मग काय, जेवण बंद? न्हाई. इथंच माझा शिकलेल्या दोस्तांशी झगडा हाय.

आमच्या रिसेप्शनला येणारा तो सवर्ण मित्र आठवा. झकास कपडे घालून येतो. स्टेजवर चढतो, फोटो काढतो, पाकीट हातात कोंबतो. 'जेवून जा' म्हटलं की घड्याळ बघतो. आज उपवास हाय. पथ्य हाय. अजून दोन लग्नं गाठायचीत. जाताना पाण्याची सीलबंद बाटली तेवढी उचलतो. सील फुटलेलं नाही, म्हणजे आमचा हात लागलेला नाही! सगळे असे नसतात. मांडीला मांडी लावून दोनदा भात मागणारेही येतात, त्यांना जयभीम. पण कोण कुठला, हे कळतं ते पंगतीतच.

1901 साली साताऱ्याहून गोरेगावला बापाकडं निघालेला लहानगा भीमराव मसूर स्टेशनावर उतरला. मसूर आपल्याच कऱ्हाड तालुक्यात. पोरांजवळ शिदोरी होती, पोटात आग होती. पण महाराच्या पोरांना पाणी द्यायला कुणी तयार नव्हतं, म्हणून ती पोरं शिदोरी जवळ असून उपाशी झोपली. अन्न असून भागत नाही दोस्तांनो. तुमच्या हातचं घेणारा आणि तुम्हाला देणारा माणूस लागतो. आणि हे जुनं झालं म्हणू नका. 2019 साली उत्तराखंडात टिहरीकडं एका लग्नात सवर्णांसमोर खुर्चीवर बसून जेवला म्हणून एका दलित पोराला मारहाण झाली, असं त्याच्या घरच्यांनी सांगितलं. पोरगा दवाखान्यात मेला. वय 23.

सवर्णाला आमच्याकडं द्यावी लागणारी एकच परीक्षा हाय, पंगतीची. जेवण बंद केलं की तो न देताच पास! चहा-पेढ्यावर समता उरकते, आणि तो बाहेर छाती फुगवून सांगतो, मी दलिताच्या लग्नाला गेलो होतो.

पण ही परीक्षा आपल्यालाही हाय. आमच्या मांडवात मांगाचा दोस्त कुठं बसतो? वडार, माकडवाले, घिसाडी यांना आवतण असतं का? गेटवर उभ्या पोरांना आपण पंगतीत घेतो, की शेवटी उरलेलं पिशवीत बांधून देतो? बांधून देत असू, तर ते उष्टंच. आणि खरकटी भांडी घासणारी बाई कधी जेवते?

म्हणून मला वाटतं ते सरळ सांगतो. कर्ज काढून एक शीतही शिजवू नका. हॉल, ड्रोन, डीजे फेका. एकच कालवण, भात, भाकरी, एखादं गोड. चार घरांनी धान्य घाला, वस्तीनं शिजवा. व्हीआयपीचं वेगळं टेबल नको, बुफेची पळापळ नको, सगळे एका रांगेत भुईवर. आणि वाढायला नवरा-नवरीनं स्वतः उठायचं, हातात वाढणी घेऊन, दोघांनी. नवरीनं एकटीनं नव्हे. पहिली पंगत आचाऱ्याची, भांडी घासणाऱ्या बाईची आणि गेटवरच्या पोरांची.

पाकीटवाल्याला दारातच सांगा. बाबा, पाकीट राहू दे, पाणी आमच्या माठातलं पी आणि पानावर बस. बसला तर दोस्त. नाही बसला, तर फोटोतही नको.

जयभीम!