सोबत जाणारी बाई

गर्भपाताच्या हक्कावर आपण पुष्कळ बोललो, मोर्चे काढले. पण जिला गर्भपात करून घ्यायचा असतो तिच्याबरोबर जी बाई जाते, तिच्याबद्दल आपण कधी बोललो? मला हा प्रश्न पडला तो आनामारिया मारिन्का या रुमानियन अभिनेत्रीमुळे.

मारिन्काचा जन्म १९७८ चा, याश शहरातला. नाटकाचं शिक्षणही तिथलंच. १९८९ साली चाउशेस्कुची राजवट कोसळली तेव्हा ती अकरा वर्षांची होती. लोकसंख्या वाढवण्यासाठी या राजवटीने १९६६ साली हुकूम क्रमांक ७७० काढून, थोडे अपवाद सोडता, गर्भपातावर बंदी घातली होती. गर्भनिरोधकं मिळेनाशी झाली. पुढे पुढे कारखान्यांतून कामगार बायकांची सक्तीने तपासणी होऊ लागली. चोरून गर्भपात करताना हजारो बायका मेल्या.

क्रिस्तियान मुंजिउचा '४ महिने, ३ आठवडे आणि २ दिवस' हा चित्रपट १९८७ मध्ये घडतो. २००७ साली त्याला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. वसतिगृहातली गबित्सा गरोदर आहे, पण कथा आहे तिच्या मैत्रिणीची, ओटिलियाची. पैसे ती जमवते, हॉटेलची खोली ती मिळवते. गर्भपात करणारा पुरुष दोघींच्याही शरीराची किंमत मागतो, तीही ती मोजते. त्याच संध्याकाळी तिला मित्राच्या घरी, त्याच्या आईच्या वाढदिवसाच्या जेवणाला बसावं लागतं. आजूबाजूला पाहुण्यांच्या गप्पा चालल्यात आणि मारिन्का नुसती बसून आहे. त्या बसण्यात सगळं आहे.

आमच्या गटात हा चित्रपट पाहिल्यावर एक तरुण कार्यकर्ती चिडून म्हणाली, "गबित्सा किती खोटं बोलते! तिच्यासाठी एवढं का करायचं?" एक वयस्क ताई शांतपणे म्हणाल्या, "अगं, मदत काय शहाण्या बाईलाच करायची असते का?"

मला वाटतं, मारिन्काच्या कामाचं सार हेच आहे. 'सेक्स ट्रॅफिक' (२००४) या दूरचित्रवाणी मालिकेत तिने देहविक्रयात अडकवलेल्या मुलीची भूमिका केली आणि बाफ्टा पुरस्कार मिळवला. २००९ साली लंडनच्या रंगभूमीवर सेरा केनचं '४.४८ सायकोसिस' हे नाटक तिने एकटीने पेललं. 'हाउसकीपिंग फॉर बिगिनर्स' (२०२३) मध्ये ती आपल्या जोडीदारणीच्या मुलींना सांभाळते. या बायका देवी नाहीत. त्या थकतात, चिडतात, तरी सोबत सोडत नाहीत.

तिथे सरकारने मुलं जन्माला घालायची सक्ती केली, आपल्याकडे आणीबाणीत नसबंदीची. दोन्हीकडे माणसाच्या शरीरावर मालकी सरकारचीच! कायदे बदलायला आपण लढूच. पण कायदा बदलेपर्यंत, आणि बदलल्यानंतरही, बाईला दवाखान्याच्या दारापर्यंत नेणारी बाईच असते. भगिनीभाव म्हणतो तो हाच. तो फुकट मिळत नाही, कोणीतरी त्याची किंमत मोजत असते. ती मोजणारीला आपल्या गटात कोण विचारतं, "तू कशी आहेस?"