काखेत कळसा, गावाला वळसा : मुलांनी गेममध्ये बांधलेली घरं सापडत का नाहीत?



'माझे घर' हा निबंध आपल्याकडे वर्षानुवर्षं लिहून घेतला जातो. "माझ्या घरात चार खोल्या आहेत. घरासमोर सुंदर अंगण आहे." आमच्या खराडीत बऱ्याच मुलांच्या घरासमोर अंगण नाही, लिफ्ट आहे. तरीही वहीत अंगण येतंच! आता काही मुलं हाच निबंध कॉम्प्युटरवर 'बांधायला' लागली आहेत. भिंती उभ्या करायच्या, खिडक्या लावायच्या, स्वयंपाकघर कुठे, देवघर कुठे ते ठरवायचं. तासन् तास त्यात जातात, आणि पालक माझ्याकडे तक्रार घेऊन येतात, "बाई, दिवसभर गेममध्ये घरंच बांधत बसते."

माझं मत थोडं वेगळं आहे. मुलगी घरं बांधते याची काळजी नंतर करू. आधी एवढं बघा, की मागच्या महिन्यात बांधलेलं घर तिला आज शोधून दाखवता येतं का? बहुतेक वेळा येत नाही. काम केलं, सेव्हही केलं, पण सापडत नाही. ही गोष्ट एका गेमपुरती नाही. आपलं काम नाव देऊन, नीट लावून, जपून ठेवणं हे कौशल्य आहे आणि ते प्राथमिक शाळेतच शिकवायला हवं, असं मला ठामपणे वाटतं.

गेम कोणता आणि तो आला कुठून?

मी बोलते आहे 'द सिम्स ४' या गेमबद्दल. यात माणसांची रोजची आयुष्यं चालवायची असतात : जेवण, झोप, नोकरी, शेजारपाजार. त्यांच्यासाठी घरही आपणच बांधायचं. हा भाग २०१४ मध्ये आला आणि ऑक्टोबर २०२२ पासून मूळ गेम मोफत झाला. तेव्हापासून आमच्या भागातल्या मुलांच्या तोंडी त्याचं नाव जास्त ऐकू येतं. (जास्तीची 'पॅक' मात्र विकत घ्यावी लागतात, हे पालकांनी लक्षात ठेवावं.)

या गेमचा जन्म एका जळालेल्या घरातून झाला. विल राइट हा त्याचा मूळ निर्माता. १९९१ मध्ये अमेरिकेतल्या ओकलंड भागात मोठी आग लागली, त्यात त्याचं घर गेलं. संसार पुन्हा उभा करताना माणसाला नक्की काय काय लागतं, हा विचार त्याच्या डोक्यात घोळू लागला. त्यातून पुढे २००० मध्ये पहिला 'द सिम्स' आला. गेलेलं घर पुन्हा उभं करणं हे या गेमच्या मुळातच आहे. खराडीत राहणाऱ्यांना ते वेगळं समजावून सांगायला नको.

आपलं गाव १९९७ साली पुणे महापालिकेत आलं. मुळा-मुठेच्या काठची शेती गेली, ईऑन आयटी पार्क आलं, वर्ल्ड ट्रेड सेंटर आलं, टॉवर उभे राहिले. गावठाणातली जुनी घरं एकेक करून पाडली जात आहेत. माझ्या वर्गातल्या काही मुलांनी आजोबांचं घर फक्त फोटोत पाहिलं आहे.

'सेव्ह केलं' म्हणजे नक्की काय केलं?

इथेच पहिला घोटाळा होतो. या गेममध्ये सेव्ह दोन प्रकारचं असतं.

पहिला प्रकार म्हणजे खेळ सेव्ह करणं. यात घर त्या खेळातच राहतं. नवा खेळ सुरू केला, की तिथे ते घर नसतं. मुलं घाबरतात, "बाई, घर गेलं!" गेलेलं नसतं, ते जुन्या खेळात असतं.

दुसरा प्रकार म्हणजे घराचा आराखडा 'माय लायब्ररी'मध्ये ठेवणं. त्यासाठी बांधकामाच्या भागात वेगळं बटण आहे. असं ठेवलेलं घर कोणत्याही नव्या खेळात, दुसऱ्या जागेवर पुन्हा उभं करता येतं. सामानासह किंवा रिकामं, दोन्ही प्रकारे. पूर्ण घराप्रमाणे एखादी खोलीही वेगळी ठेवता येते.

लायब्ररीतली प्रत म्हणजे त्या दिवसाचा फोटो समजा. नंतर घराला माडी चढवली तर लायब्ररीतलं जुनं घर आपोआप बदलत नाही. पुन्हा ठेवावं लागतं. मुलं पुन्हा पुन्हा ठेवतात, नाव मात्र बदलत नाहीत. मग लायब्ररीत एकाच नावाची सात घरं दिसतात आणि शेवटचं कोणतं ते कुणालाच कळत नाही.

हरवलं नव्हतं, दिसत नव्हतं

माझ्या ओळखीच्या पाचवीतल्या एका मुलीची गोष्ट सांगते. तिच्या आजोबांचं गावठाणातलं घर पाडून तिथे इमारत झाली. आजोबांना विचारून विचारून तिने ते घर दादाच्या कॉम्प्युटरवर बांधलं. ओसरी, माजघर, मागे गोठा. तिच्याकडच्या गेममध्ये गोठा नव्हता, म्हणून तिने शेड वापरली. तुळशीवृंदावन मिळेना, तेव्हा दादाने इंटरनेटवरून तशी एक वस्तू उतरवून दिली. आजोबांनी पाहिलं आणि म्हणाले, "पायरी डाव्या बाजूला होती." तिने पायरी हलवली.

काही आठवड्यांनी लायब्ररीत ते घर दिसेना. कॉम्प्युटर हळू चालत होताच. दुरुस्तीवाल्याने सांगितलं, "फॉरमॅट मारून देतो, सगळं नीट होईल." नशीब, त्याआधी ती माझ्याशी बोलली.

कारण साधं होतं. बाहेरून आणलेली वस्तू ज्या घरात आहे, ते घर लायब्ररीच्या नेहमीच्या यादीत दिसत नाही. डावीकडच्या फिल्टरमध्ये 'ॲडव्हान्स्ड' या भागात 'कस्टम कंटेंट' दाखवण्याचा चौकोन असतो, त्यात टिक करावी लागते. तिने टिक केली आणि घर दिसलं, डाव्या बाजूच्या पायरीसकट. एका तुळशीवृंदावनामुळे अख्खं घर लपलं होतं!

पण फॉरमॅट आधी झालं असतं तर? खरं घर आधीच पाडलेलं, आणि हे दुसरंही गेलं असतं. काखेत कळसा आणि गावाला वळसा असं आपण म्हणतो. इथे तर वळसा घालता घालता कळसाच फुटला असता.

दप्तर या शब्दाचा अर्थ

आपण मुलांच्या पाठीवरच्या पिशवीला दप्तर म्हणतो. दप्तर म्हणजे कागदपत्रं लावून ठेवण्याची जागासुद्धा. पुण्यातच पेशवे दप्तर आहे. मोडी लिपीतले कागद तिथे कापडात बांधून ठेवलेले असतात, त्या गठ्ठ्यांना 'रुमाल' म्हणतात. रियासतकार गोविंद सखाराम सरदेसाई यांनी १९३० ते १९३४ या काळात त्यातल्या निवडक कागदांचे ४५ खंड संपादित केले. कागद आधीही होतेच. पण ते निवडून, विषयवार लावून छापले गेले, म्हणून पुढच्या अभ्यासकांच्या हाती आले.

आपला सातबारा घ्या. गट नंबर माहीत असेल तर उतारा मिळतो. नुसतं "नदीकडची आमची जमीन" म्हणून मिळत नाही. आम्ही डी.एड.ला पाठ टाचण काढायचो, तेव्हा आधी तारीख, इयत्ता, विषय, घटक लिहायचो आणि मगच पाठ. तेव्हा कंटाळा यायचा. पण वर्षाच्या शेवटी हवं ते टाचण लगेच हातात यायचं.

कॉम्प्युटरमधला फोल्डर हा आपला रुमालच आहे. त्यावर चिठ्ठी लावायला मुलांना कुणी शिकवत नाही, एवढंच.

नाव देणं हेही लेखनच

मराठीच्या तासाला आपण उताऱ्याला योग्य शीर्षक द्यायला सांगतो. घराच्या आराखड्याला नाव देणं हा तसाच स्वाध्याय आहे. बघा :

- 'घर', 'न्यू घर', 'घर फायनल', 'घर फायनल २' : यातून काहीच कळत नाही.
- 'आजोबांचं घर, गोठ्यासह, ३० बाय २०, दिवाळी' : कोणाचं, कसं, केवढं, केव्हा, सगळं कळतं.

कोणाचं, कसं, केवढं, केव्हा हे चार प्रश्न मुलांना पाठ करून घ्या. नाव इंग्रजी अक्षरांत टाइप केलं तरी हरकत नाही. नावाखाली वर्णनाला जागा असते, तिथे दोन वाक्यं लिहायला लावा. कागदावर निबंध लिहायला कंटाळणारं मूल स्वतःच्या घराबद्दल दोन वाक्यं आनंदाने लिहितं.

'केवढं' यात गणितही येतं. गेममधल्या जागा चौकोनांत मोजतात. ३० बाय २० म्हणजे ६०० चौकोन, ४० बाय ३० म्हणजे १२००. मोठ्या जागेवरचं घर लहान जागेवर बसत नाही. पाचवीत क्षेत्रफळ शिकवताना यापेक्षा चांगलं उदाहरण कुठलं?

शोधतानाही डोकं वापरावं लागतं. लायब्ररीत कुटुंब, लॉट आणि खोली अशी वेगवेगळी वर्गवारी असते. खोली म्हणून ठेवलेलं माजघर लॉटच्या यादीत शोधलं तर कसं सापडेल? वर्गीकरण आपण परिसर अभ्यासात शिकवतोच की!

"पण बाई, हा गेम मुलांसाठी आहे का?"

प्रश्न अगदी रास्त आहे. अमेरिकेत या गेमला १३ वर्षांपुढच्या मुलांसाठीचा आणि युरोपात १२ वर्षांपुढच्यांसाठीचा दर्जा आहे. त्यामुळे चौथी-पाचवीच्या मुलांनी तो एकट्याने खेळावा, असं मी म्हणणार नाही. मोठ्या ताई-दादांसोबत किंवा आई-बाबांसोबत, वेळ ठरवून, फक्त बांधकामाचा भाग खेळावा. जगभरच्या लोकांची घरं जिथे दिसतात ती 'गॅलरी' वेगळी आणि आपली 'लायब्ररी' वेगळी. लहान मुलांची घरं लायब्ररीतच राहू द्या, जगाला दाखवायची घाई नको.

दुसरा आक्षेप असा, की हे सगळं खोटं आहे, याचा उपयोग काय? दिवाळीत आपली मुलं मातीचा किल्ला करतात. तोही खराखुरा नसतो. तरी त्यातून तट, बुरूज, दरवाजा कळतोच. किल्ला तुळशीच्या लग्नापर्यंत टिकतो, मग मोडतो, आणि ते ठीकच आहे. पण जे टिकवता येतं ते केवळ आळसामुळे घालवू नये.

आणि ज्यांच्या घरी कॉम्प्युटरच नाही त्यांचं काय? आमच्या भागात तशी मुलं खूप आहेत. त्यांच्या प्रकल्पवहीला, चित्रांना, मातीकामाच्या फोटोंना हेच नियम लागू होतात. फोन सगळ्यांकडे असतो. त्या फोनमध्ये चार हजार फोटो असतात आणि हवा तो फोटो कधीच सापडत नाही!

काय करता येईल?

१. महिन्यातून एक दिवस 'आवराआवर' ठेवा. लायब्ररीतल्या जुन्या, अर्धवट प्रती मुलानेच बघून काढून टाकाव्यात. काय ठेवायचं आणि का, हे त्याने तोंडी सांगावं.

२. मोठा बदल केला, की नव्या नावाने ठेवायचं. एकाच नावाच्या दोन प्रती नकोत.

३. घर दिसत नसेल तर आधी सगळे फिल्टर काढा, मग 'कस्टम कंटेंट'वर टिक करा. तरी नसेल तर जुना खेळ उघडून बघा. त्यानंतरच "गेलं" म्हणा.

४. आराखडे कॉम्प्युटरच्या 'डॉक्युमेंट्स'मध्ये असतात. तिथे 'इलेक्ट्रॉनिक आर्ट्स', त्यात 'द सिम्स ४' आणि त्यात 'ट्रे' नावाचा फोल्डर. एका घराच्या तिथे एकापेक्षा जास्त फाइल असतात, म्हणून एखादीच उचलू नका. अख्खा 'ट्रे' फोल्डर पेनड्राइव्हवर घ्या. बाहेरून आणलेल्या वस्तू 'मॉड्स' फोल्डरमध्ये असतात, तोही सोबत घ्या. कॉम्प्युटर दुरुस्तीला देण्याआधी हे केलंच पाहिजे.

५. शिक्षकांनी आकारिक मूल्यमापनात प्रकल्प तपासताना एक प्रश्न जरूर विचारावा : "मागचा प्रकल्प दाखव." किती वेळात सापडला, तेही बघावं.

समारोप

मुलांना नवं करायला आपण खूप शिकवतो. केलेलं जपायला, निवडायला आणि पुन्हा शोधून काढायला फारसं शिकवत नाही. खराडीत येत्या काही वर्षांत आणखी जुनी घरं पाडली जातील, ते आपल्या हातात नाही. पण त्या घरात ओसरी कुठे होती, पायरी कोणत्या बाजूला होती, हे सांगणारे आजी-आजोबा आज आहेत आणि ते ऐकून बांधू शकणारी मुलंही आहेत. ती मुलं कागदावर काढोत किंवा गेममध्ये बांधोत, त्यांचं काम पुढच्या वर्षीही सापडावं, एवढी व्यवस्था आपण नक्कीच करू शकतो.

या रविवारी मुलाला फक्त एवढंच म्हणा, "तू बांधलेलं सगळ्यात आवडतं घर मला दाखव." घड्याळ लावा. दोन मिनिटांत सापडलं तर शाबासकी द्या. नाही सापडलं, तर रागावू नका. शेजारी बसा आणि दोघं मिळून शोधा.