न ओसरणारा पूर

नदीला पूर आला की उंचवट्यावरच्या वस्तीचे बेट होते आणि पाणी ओसरले की ती पुन्हा आपल्या शिवाराला जोडली जाते. पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंतची गावठाणे ज्या पुरात सापडली आहेत, तो मात्र ओसरणारा नाही. १९५४ मध्ये पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स आली, १९६२ मध्ये औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि भोसरी, आकुर्डीच्या शिवारांत कारखान्यांच्या भिंती उभ्या राहिल्या. आज कुरुळी, निघोजे, म्हाळुंगे या गावांभोवती कारखानेच कारखाने आहेत. मध्ये उरले आहे ते ग्रामदैवताचे देऊळ, तालीम आणि भावकीची घरे.

या बेटांवर वरवर सुबत्ता दिसते. जमिनीचे पैसे आले, बंगले झाले, चाळी बांधून खोल्या भाड्याने दिल्या गेल्या. दारात बैलजोडी आहे, पण औतासाठी नव्हे, घाटावरच्या शर्यतीसाठी! हौसेला आमचा आक्षेप नाही. प्रश्न मिळकतीचा आहे. ती खोलीभाडे आणि ठेकेदारीवर, म्हणजे अंतिमतः कारखान्यावरच उभी आहे. शेजारच्या तळेगावात जनरल मोटर्सचा प्रकल्प २००८ मध्ये सुरू झाला आणि २०२० च्या अखेरीस तेथील मोटारींचे उत्पादन थांबले. पुढे ह्युंदाईने तो प्रकल्प घेतला हे खरे. परंतु पिढ्यान्‌पिढ्यांच्या जमिनीच्या बदल्यात मिळालेला आधार बारा वर्षांचाही ठरू शकतो, हे त्यातून दिसले.

उद्योगांना विरोध करणे हा यावरचा मार्ग नव्हे. राष्ट्राच्या उत्पादनात या पट्ट्याचा वाटा मोठा आहे आणि विदर्भ-मराठवाड्यापासून बिहारपर्यंतच्या तरुणांची चूल त्यावर पेटते. ही मुले वर्षानुवर्षे गावात राहतात, तरी जत्रेच्या दिवशीही ती ‘भाडेकरू’च असतात, ही खंत वेगळी.

मूळ प्रश्न भूमिपुत्राच्या भागीदारीचा आहे. १९७२ ते १९८३ या काळात नवनगर विकास प्राधिकरणाला जमिनी दिलेल्या शेतकऱ्यांना साडेबारा टक्के परताव्यासाठी कित्येक दशके सरकारचे उंबरठे झिजवावे लागले. याच पुणे जिल्ह्यात हडपसरच्या मगरपट्ट्यातील शंभराहून अधिक शेतकरी कुटुंबांनी मात्र जमीन न विकता कंपनी स्थापन केली आणि जमिनीच्या प्रमाणात भाग घेतले. तेथे शहर वाढले, तसे शेतकऱ्याचे उत्पन्नही वाढले. चाकण परिसरात भूसंपादनाची पुढची नोटीस येण्यापूर्वी हे दोन्ही हिशेब ग्रामसभांपुढे मांडले गेले पाहिजेत. ते काम गावातील शिकलेल्या तरुणांनी हाती घ्यावे.