सिंहासनावरून शिधापत्रिकेवर

जर्मनीत फोनवर कुणाला आपलं आडनाव सांगायचं असेल आणि पलीकडच्याला ते धड कळत नसेल, तर सांगणारा ‘ग गणपतीचा’ या चालीवर एकेक अक्षर फोडून सांगतो. ए आन्टोनचा, बी बेर्टाचा, ई एमिलचा, ओ ओटोचा. पिढ्यान् पिढ्या हे असंच चाललं होतं. 2022 साली जर्मन मानक संस्थेने कचेऱ्यांसाठी नवा तक्ता काढला आणि त्यातून माणसांची नावं जवळजवळ सगळी काढून गावांची घातली. आता ओ ओफेनबाखचा.

यामागे कारण होतं. 1934 मध्ये नाझींनी या तक्त्यातली ज्यू वाटणारी नावं वेचून काढली होती. डेव्हिड गेला, डोरा आली. नाथानच्या जागी ‘नॉर्डपोल’ म्हणजे उत्तर ध्रुव आला. युद्ध संपल्यावर काही नावं परत बसवली गेली, नाथान आणि डेव्हिड मात्र बाहेरच राहिले. शेवटी वाद नको म्हणून सगळ्यांनाच उठवून गावं बसवली. निर्णय शहाणपणाचा आहे. त्यात ओटोची खुर्ची मात्र काही गुन्हा नसताना गेली. अर्थात तक्ता बदलला म्हणून फोनवरच्या लोकांची जीभ लगेच वळते असं नाही.

हे नाव मी ‘ओटो’ असं लिहितो आहे. जर्मन उच्चार ‘ऑटो’ला जवळचा आहे, पण तसं लिहिलं की मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे रिक्षा येऊन उभी राहते. रिक्षाचा संबंध पुढे येणारच आहे, तोवर थांबावं.

जुनी जर्मन नावं बहुतेक दोन तुकड्यांची. फ्रीडरिश म्हणजे शांतता आणि सत्ता, विल्हेल्म म्हणजे इच्छाशक्ती आणि शिरस्त्राण, बेर्नहार्ड म्हणजे अस्वल आणि कणखरपणा. दोन्ही तुकडे मिळून काही अर्थ झालाच पाहिजे असा आग्रह नसे. आईच्या घराण्यातला एक तुकडा, बापाच्या घराण्यातला एक, की झालं नाव. ओटो हा अशाच एका तुकड्याचा घरगुती अवतार. ‘ओट’ म्हणजे धन, मालमत्ता, वारसा. ओटमार, ओटोकार या लांब नावांतही तोच तुकडा आहे. थोडक्यात, ओटो म्हणजे आपल्याकडचा धनाजी. लाडाने हाक मारायचं हे नाव पुढे राजाच्या मुद्रेवर गेलं.

ते तिथे पोचलं तेही आजोबांचं नाव नातवाला ठेवण्याच्या रीतीने. ही रीत मराठी घरांना काही नवी नाही. सॅक्सनीचा ड्यूक ओटो 912 साली वारला आणि त्याच वर्षी त्याच्या मुलाला मुलगा झाला. तो हा पहिला ओटो. 936 मध्ये आखेनला राजा, 955 मध्ये लेखफेल्डच्या मैदानावर मग्यार घोडेस्वारांचा पराभव, 962 मध्ये रोमला पोपच्या हातून सम्राटपदाचा मुकुट. पवित्र रोमन साम्राज्य म्हणून जे 1806 पर्यंत टिकलं, त्याची सुरुवात बहुतेक इतिहासकार या 962 पासून धरतात. माग्देबुर्गच्या कॅथेड्रलमध्ये तो पुरला आहे. त्याची पहिली बायको एडिथ इंग्लंडची राजकन्या. 2008 मध्ये त्याच कॅथेड्रलमध्ये तिची शिशाची पेटी उघडली, तर आत खरोखरच हाडं निघाली.

मुलगा दुसरा ओटो, त्याची बायको थिओफानू कॉन्स्टँटिनोपलहून आलेली. नातू तिसरा ओटो तीन वर्षांचा असताना 983 च्या नाताळात आखेनला राजा झाला. बाप रोममध्ये मेल्याची बातमी तोवर तिथे पोचलीही नव्हती. पोराच्या नावाने राज्य हाकलं ते आधी आईने आणि मग आजी आडेलहाइडने, आणि माझ्या मते या सबंध घराण्यात राज्यकारभाराची खरी समज या दोन बायकांनाच होती. पोरगा मोठा होऊन एकविसाव्या वर्षी इटलीत वारला. पुढे दोनशे वर्षांनी वेल्फ घराण्यातला चौथा ओटो सम्राट झाला, 1214 मध्ये बूव्हीनच्या लढाईत हरला आणि विसरला गेला. त्यानंतर सम्राटांच्या यादीत हे नाव नाही.

नाव राजवाड्यातून हललं नाही, पण त्याचं नशीब फिरलं. 1832 मध्ये युरोपातल्या बड्या सत्तांनी नव्याने स्वतंत्र झालेल्या ग्रीसला राजा हवा म्हणून बव्हेरियाचा एक राजपुत्र उचलून दिला. ओटो, वय वर्षं सतरा. तीस वर्षांनी ग्रीकांनी त्याला घालवून दिलं. त्याचा पुतण्या ओटो 1886 मध्ये बव्हेरियाचा राजा झाला, तेव्हा तो म्युनिकजवळच्या फ्युर्स्टेनरीडच्या वाड्यात मनोरुग्ण म्हणून बंदिस्त होता. सत्तावीस वर्षं राजा राहिला आणि एक दिवसही राज्य केलं नाही.

या काळात हे नाव पुन्हा वर आणलं ते राजा नसलेल्या माणसाने. ओटो फॉन बिस्मार्क 1815 चा. (त्याच वर्षी सेंट पीटर्सबर्गला दुसरा एक ओटो जन्मला, ओटो बोटलिंक. रूडोल्फ रोटबरोबर त्याने 1855 ते 1875 अशी वीस वर्षं खपून सात खंडांचा संस्कृत-जर्मन कोश केला. संस्कृतचे अभ्यासक आजही ‘पीटर्सबर्ग कोश’ म्हणतात तो हाच. बिस्मार्कच्या साम्राज्यापेक्षा हा कोश जास्त टिकला, हे मला मनापासून आवडतं.) 1871 मध्ये बिस्मार्कच्या हातून जर्मनी एक झाली आणि मधल्या वर्गातल्या घरांनी पोरांची नावं ओटो ठेवायचा धडाका लावला. लोहार, प्राध्यापक, कापडाचे व्यापारी, ख्रिस्ती, ज्यू, सगळ्यांनीच. ज्यू घरांसाठी त्यात जास्त काही होतं. आम्हीही या देशाचेच, हे त्यातून सांगायचं होतं.

त्या पोरांनी पुढे काय केलं हे पाहायला नोबेल पारितोषिकांची यादी काढावी. ओटो वालाख 1910, ओटो मायरहोफ 1922, ओटो वारबुर्ग 1931, ओटो ल्योवी 1936, ओटो श्टेर्न 1943, ओटो हान 1944, ओटो डील्स 1950. सात ओटो! वालाख सोडला तर बाकी सहाही जण 1873 ते 1888 या पंधरा वर्षांत जन्मलेले. एका पिढीने एक नाव किती वापरावं याला काही सुमार.

आणि या सातांपैकी मायरहोफ, ल्योवी आणि श्टेर्न या तिघांना ज्यू म्हणून देश सोडावा लागला. ल्योवी ऑस्ट्रियात ग्राझला प्राध्यापक होता. 1938 मध्ये त्याला तुरुंगात टाकलं आणि स्वीडनच्या बँकेत ठेवलेली नोबेलची रक्कम नाझींच्या ताब्यातल्या बँकेत वळती केल्यावरच बाहेर पडू दिलं. त्याच वर्षाच्या डिसेंबरात बर्लिनमध्ये ओटो हानने युरेनियमचा अणू फुटल्याचं प्रयोगात पाहिलं, पण त्याचा अर्थ लागेना, म्हणून परागंदा झालेली आपली सहकारी लीझ माइटनर हिला त्याने स्वीडनला पत्र लिहिलं. नाताळात बर्फातून फिरताना तिने भाच्याबरोबर त्याचा उलगडा केला. भाचा व्हिएन्नाचा, तोही निर्वासित, आणि नाव ओटो फ्रिश. अणुभंजनाच्या दोन टोकांना दोन ओटो होते, एक देशात राहिलेला, एक हाकललेला.

अॅन फ्रँकचे वडीलही याच पिढीचे. ओटो फ्रँक, जन्म 1889, गाव फ्रँकफुर्ट, पहिल्या महायुद्धात जर्मन सैन्यात अधिकारी. ॲमस्टरडॅमच्या त्या लपलेल्या घरातले आठ जण पकडले गेले, परतले ते एकटेच. आणि 23 मार्च 1933 ला, हिटलरला सगळे अधिकार देणाऱ्या कायद्याविरुद्ध संसदेत उभं राहून बोलणारा एकमेव पक्षनेता होता ओटो वेल्स, समाजवादी. त्याच्या पक्षाची चौऱ्याण्णव मतं विरोधात पडली, कायदा तरीही झाला. दुसऱ्या बाजूलाही ओटो कमी नव्हते, एस. एस.च्या गणवेशातलेही होते. ऑस्ट्रियावर चाल करून जाण्याच्या नाझी योजनेचं सांकेतिक नावसुद्धा ‘ओटो’ होतं. ते ठेवलं होतं हाब्सबुर्ग घराण्याच्या राजपुत्रावरून, तो गादीवर परत येईल या भीतीने. तो ओटो फॉन हाब्सबुर्ग गादीवर कधीच आला नाही, पण 1979 पासून वीस वर्षं युरोपीय संसदेत निवडून आलेला सभासद म्हणून बसला आणि 2011 मध्ये अठ्ठ्याण्णवाव्या वर्षी वारला.

त्याच काळात, त्याच भाषेत, हिटलरचं नाव होतं आडोल्फ. अर्थ ‘उमदा लांडगा’, तेही जुनं, तेही राजघराण्यांतलं. 1945 नंतर ते संपलं, कारण एका माणसाने ते सगळंच्या सगळं व्यापून टाकलं. ओटोचं तसं कुणाला करता आलं नाही. बिस्मार्कलाही नाही. या नावाला इतक्यांचा हात लागला होता की ते कुणाच्या एकाच्या मालकीचं उरलं नव्हतं. माझ्या दृष्टीने ओटो नावाचा वारसा हाच आहे. शब्दकोशातली ती ‘मालमत्ता’ हा त्यातला सगळ्यात किरकोळ भाग.

युद्धानंतरच्या जर्मनीत रेशन कार्डं होती. अंगमेहनत करणाऱ्यांना, गरोदर बायकांना जादा शिधा मिळे. ज्याला काहीच जादा मिळत नसे तो ‘नॉर्मालफरब्राउखर’, म्हणजे सर्वसाधारण शिध्याचा धनी. 1948 मध्ये ‘बर्लिनर बालाडं’ नावाचा सिनेमा आला. त्याचा नायक युद्धावरून बर्लिनच्या ढिगाऱ्यांत परतलेला एक हडकुळा सैनिक, नाव ओटो नॉर्मालफरब्राउखर. काम केलं होतं गेर्ट फ्र्योबने. हाच पुढे 1964 मध्ये गोल्डफिंगर होऊन जेम्स बाँडसमोर उभा राहिला, पण तेव्हा तो काडीसारखा होता. सिनेमा आज फारसा कुणी पाहत नाही, नाव मात्र भाषेत राहिलं. आजही जर्मन अर्थमंत्र्याला सामान्य ग्राहकाबद्दल बोलायचं असेल तर तो ओटो नॉर्मालफरब्राउखरच म्हणतो. सम्राटाचं नाव रेशनच्या रांगेत उभं राहिलं आणि तिथे शोभून दिसलं.

मग घसरगुंडीच. 1949 मध्ये हाम्बुर्गला वेर्नर ओटोने टपालाने माल पाठवायचा धंदा काढला. पहिल्या कॅटलॉगच्या तीनशे प्रती हाताने बांधलेल्या, आणि आत अठ्ठावीस जोड चपला-बूट. पुढे त्याची जाडजूड पुस्तकं घरोघर पोचली. 1963 मध्ये कवी एर्न्स्ट यांडलने ओटो आणि त्याच्या कुत्र्यावर एक कविता लिहिली, सगळ्या शब्दांत स्वर एकच, ‘ओ’. शाळेतली पोरं दुसरे स्वर घेऊन आपापल्या कविता रचतात. एम्डेनचा ओटो वाल्केस सगळ्या देशाला हसवत सुटला, त्याचा 1985 चा सिनेमा तुफान चालला. जुलाबांनाही बोलीत ‘चपळ ओटो’ म्हणतात. अशा नावाने पोराला कोण हाक मारणार? पन्नास ते नव्वद या दशकांत जवळजवळ कुणीच नाही.

आता रिक्षा. निकोलाउस ओटोने (इथे ओटो आडनाव) 1876 मध्ये कोलोनजवळच्या डॉइट्झला चार फटक्यांचं इंजिन चालवून दाखवलं. त्याचं पेटंट दहा वर्षांनी रद्द झालं, कारण एका फ्रेंच माणसाने ही कल्पना आधीच कागदावर मांडली होती. तरी जर्मनीत पेट्रोलच्या इंजिनाला आजही ‘ओटोमोटर’ म्हणतात, आणि आपल्या अभियांत्रिकी महाविद्यालयांत पोरं ‘ऑटो सायकल’ घोकतात ती याचीच. पुण्यातली चार फटक्यांची रिक्षा, पेट्रोलवरची असो की सीएनजीवरची, त्याच चक्रावर चालते. ऑटो ओटोवर चालते हे रिक्षावाल्याला सांगून भाडं कमी होत नाही.

गेल्या पंधरावीस वर्षांत ओटो पुन्हा पाळण्यात दिसू लागला. एमिल, आन्टोन, कार्ल, ओस्कार असे त्याचे जुने सोबतीही परतले. हे केवळ पणजोबांच्या आठवणीने झालं असं मला वाटत नाही. यात वर्गाचा हिशेब आहे. 1990 नंतर जर्मनीत ‘होम अलोन’ सिनेमामुळे केव्हिन नावाची लाट आली, आणि बघता बघता ते नाव गरीब वस्तीची खूण ठरलं. 2009 मध्ये ओल्डेनबुर्ग विद्यापीठाच्या एका पाहणीत दिसलं की केव्हिन नाव नुसतं वाचूनच अनेक शिक्षक त्या मुलाला उनाड ठरवून मोकळे होतात. मग शिकलेल्या, बऱ्या पगाराच्या आईबापांनी विरुद्ध दिशेला धाव घेतली. परदेशी नको, सिनेमातलं नको, जुनं हवं. शिधापत्रिकेवरचा ओटो आता महागड्या बाबागाडीत बसून बर्लिनच्या उच्चभ्रू वस्त्यांतून फिरतो. यातला ढोंगीपणा उघड आहे. ज्या घरात केव्हिनला नाकं मुरडली जातात, त्याच घरात ओटोचं ‘साधेपण’ मिरवलं जातं.

जर्मनीत नाव ठेवायला सरकारी नोंदणी कचेरीचा होकार लागतो. भारतीय मुळांच्या एका कुटुंबाला मुलीचं नाव किरण ठेवायचं होतं. कचेरी म्हणाली, यावरून मुलगा की मुलगी ते कळत नाही, जोडीला दुसरं नाव द्या. प्रकरण घटना न्यायालयापर्यंत गेलं आणि डिसेंबर 2008 मध्ये निकाल लागला. नावावरून लिंग कळलंच पाहिजे असा कायदा नाही, किरण चालेल. आपल्या वर्गात एक किरण मुलगा आणि एक किरण मुलगी बसायची, त्याचा निवाडा कार्ल्सरूहच्या न्यायमूर्तींनी केला.

ओटोला असली अडचण कधीच आली नाही. उलट बालवाडीत त्याची सोय आहे. रोमन लिपीतल्या मोठ्या अक्षरांत हे नाव उजवीकडून लिहा की डावीकडून, सारखंच. चारही अक्षरं आरशात धरली तरी तीच राहतात. अक्षरं उलटी काढायच्या वयात ज्याला आपलं नाव चुकीचं लिहिताच येत नाही, असं पोर वर्गात बहुधा हे एकच.